रविवारचं पोर्क आणि अंगठ्याची बँडेड

परवा सोसायटीच्या ग्रुपवर कुणीतरी नदीपात्रातल्या डुकरांचा फोटो टाकला. खाली एकच ओळ : "डुकरातून माणसाला होणारा नवीन जीवघेणा रोग!!" झालं. संध्याकाळपर्यंत डुकरं पकडायला गाडी बोलवा, कपाटातले मास्क बाहेर काढा, सगळं बोलून झालं.

अहो, नवीन कसला? ग्रुपवर चर्चा होती ती स्ट्रेप्टोकॉकस सुइसची. माणसाला त्याची लागण झाल्याची पहिली नोंद डेन्मार्कची, १९६८ सालची. आणि हा जिवाणू आहे, विषाणू नव्हे. २००९च्या ऑगस्टमध्ये स्वाइन फ्लूचा देशातला पहिला बळी आपल्या पुण्यात गेला, शाळा-थिएटरं बंद झाली, तोंडाला रुमाल बांधून आपण लक्ष्मी रोडवर फिरलो. ती धास्ती अजून अंगात आहे, मान्य. पण तो ताप माणसाच्या खोकल्यातून माणसाला व्हायचा. हा तसा पसरत नाही. धडधाकट डुकराच्या नाकात, टॉन्सिलमध्ये हा गपगुमान बसलेला असतो. आपल्यात शिरतो तो हातावरच्या चिरेतून, नाहीतर कच्च्या मांसारक्तातून. लांबून दिसलेल्या डुकरापासून तुम्हाला काहीही होत नाही.

मी पोर्क खाते. (नाकं मुरडून झाली असतील तर पुढे वाचा.) आपल्याकडे ते तासभर रटरटतं, त्यात हा जिवाणू टिकत नाही. व्हिएतनाममध्ये डुकराचं कच्चं रक्त खायची पद्धत आहे, आणि तिथे मोठ्या माणसांना जिवाणूंमुळे जो मेंदूज्वर होतो त्यात हाच आघाडीवर. २००५ साली चीनच्या सिचुआनमध्ये २००हून जास्त लोकांना लागण झाली, ३८ दगावले. बहुतेक सगळे आजारी किंवा मेलेली डुकरं कापणारे, हाताळणारे शेतकरी.

म्हणजे धोका कुणाला? आमच्या पोर्कवाल्या भाऊंना. ग्रुपवर त्यांचं नावही कुणी काढलं नाही. गेल्या महिन्यात त्यांच्या डाव्या अंगठ्याला बँडेड होती. भिजून काळी पडलेली, एका बाजूने सुटलेली, आणि त्याच अंगठ्याने चरबीचा तुकडा दाबून धरलेला.

या मेंदूज्वरातून वाचलेल्या कितीतरी जणांचे कान कायमचे जातात. लवकर कळलं तर पेनिसिलिनसारखी साधी औषधं चालतात, पण कळायला तर हवं! ताप आलाय, डोकं ठणकतंय, मान वाकत नाही, तर "मी डुक्कर कापतो" हे डॉक्टरांना आपणहून सांगायचं. एरवी हे कोण विचारतंय?

मी भाऊंना हे सगळं सांगितलं, जाड ग्लोव्ह्जची जोडीही नेऊन दिली. "सुरा सटकतो हो ताई," म्हणाले आणि जोडी काट्यामागे टाकली. मी गप्प बसले. दुकान त्यांचं, हात त्यांचा.

या रविवारी गेले तर एकच ग्लोव्ह घातला होता, डाव्या हातात. म्हटलं, दुसरा कुठाय? "उजव्यात सुरा असतो ताई. चिरतो तो डावाच."