पंप बदलूनही पाणी तुंबतंय? दादा, तुमच्या कमेंटला उत्तर

नमस्कार दादा, एवढं सविस्तर लिहिलंत ते फार बरं झालं. तुमचं म्हणणं थोडक्यात असं, की फ्रंट लोड वॉशिंग मशीनचं पाणी बाहेर जात नव्हतं म्हणून माझ्या लेखात सांगितल्याप्रमाणे पंपापाशी असलेला फिल्टर उघडला, तो स्वच्छच निघाला, मग मेकॅनिकने पाणी बाहेर फेकणारा पंप बदलून दिला आणि तरी थोड्या दिवसांत परत तीच एरर. म्हणून माझा लेख अर्धवट, आणि लोकांना असले उद्योग सांगण्यापेक्षा "सरळ मेकॅनिकला बोलवा" एवढंच लिहायला हवं होतं. शिवाय ताईंच्या टॉप लोडला असा फिल्टर सापडलाच नाही.

मेकॅनिकला बोलवा हे बरोबरच आहे, पण तुमच्याकडे मेकॅनिक आला होता की, आणि पंपाचे पैसे जाऊनही पाणी तिथल्या तिथेच. म्हणूनच मी परत परत सांगते की पंपावर संशय सगळ्यात शेवटी घ्यायचा. ती एरर, म्हणजे एलजीला ओई, बॉशला ई18, सॅमसंगला 5सी, एवढंच सांगते की ठरलेल्या वेळात पाणी बाहेर गेलं नाही. कुठे अडलं ते मशीनला कळत नाही, ते आपल्यालाच शोधावं लागतं.

आता तुमच्याच कमेंटमधली शेवटची ओळ बघा. घराचं काम काढल्यावर मशीन पॅसेजमध्ये हलवलं आणि होजला, म्हणजे पाणी बाहेर सोडणाऱ्या पाइपला, जोड देऊन तो बाथरूमपर्यंत नेला, असं तुम्ही जाता जाता लिहिलंय. मला तर सगळं तिथेच दिसतंय! हा पंप साधारण 30-40 वॅटचा, जीव तो केवढा, बहुतेक कंपन्यांच्या पुस्तिकेत होजचं टोक जमिनीपासून साधारण 60 ते 100 सेंटीमीटर उंचीवर ठेवा असं असतं ते उगाच नाही, आणि त्यात तुम्ही पाइप लांबवला, मध्ये जोड आला, बाथरूमचा उंबरठा आला, पाइप जिथे झोळ खातो तिथे पाणी साचून राहणार आणि पावडर आणि कपड्यांचा लव तिथेच बसून चिकट थर धरणार.

खात्री करायला बादलीची टेस्ट करा. जोड काढा, मशीनचा मूळ होज तेवढा ठेवा, स्टुलावर बादली ठेवून टोक तिच्यात सोडा आणि हाताने घट्ट धरा कारण पाणी सुटलं की होज उडतो, मग नुसतं स्पिन किंवा ड्रेन लावा. पॉजच्या बटणापाशी दुसरं कोणीतरी उभं करा, बादली बघता बघता भरते. धार जोरात आली तर मशीन ठणठणीत आहे, तुमचा जोडपाइप तरी तुंबलाय नाहीतर बाथरूमचा नहाणी ट्रॅप, म्हणजे जमिनीतल्या जाळीखालचा पाणी जायचा भाग, आणि ते काम प्लंबरचं.

धार बारीक आली तर मात्र गोष्ट वेगळी. फिल्टर स्वच्छ म्हणजे वाट मोकळी असं नसतं. टब आणि पंपाच्या मध्ये एक चुण्यांचा जाड रबरी पाइप असतो, बाळाचा मोजा किंवा रुमाल तिथे अडकला तर तो फिल्टरपर्यंत पोचतच नाही. हा पाइप काढायला मशीन उघडावं लागतं, तिथे मेकॅनिकच हवा, पण त्याला "तो पाइप काढून बघा" असं स्पष्ट सांगा.

फिल्टर उघडताना धोक्याचं म्हणाल तर स्विच बंद करून प्लग काढायचा, गरम पाण्याचा वॉश असेल तर पाणी निवू द्यायचं, खाली परात लावून बाजूच्या छोट्या नळीतून आधी पाणी काढायचं आणि मगच फिल्टर हळूहळू फिरवायचा, हे लेखात होतंच. एक गोष्ट इथे वाढवते, फिल्टरच्या भोकात मोबाइलचा टॉर्च मारला की आत छोटा पंखा दिसतो, तो काडीने फिरवला तर अडखळत, झटके देत फिरतो. आत लोहचुंबक असतं म्हणून तसं होतं, तो जाम नाहीये. केस किंवा दोरा गुंडाळलेला असला तर तो हलतच नाही. आणि ड्रेनच्या वेळी पंपाचा आवाज अजिबातच येत नसेल तर वायर, पंप नाहीतर मशीनचा इलेक्ट्रॉनिक बोर्ड बिघडलाय, तिथे आपण हात घालायचा नाही.

ताईंच्या टॉप लोडचं वेगळं आहे. लेख फ्रंट लोडचा होता. आपल्याकडच्या बऱ्याच टॉप लोडला पंप नसतोच, खालचा व्हॉल्व्ह उघडतो आणि पाणी उताराने आपोआप जातं. त्यामुळे होज जमिनीलगतच हवा, तो उचलून बेसिनमध्ये टाकला की पाणी टबमध्येच राहणार, तिथे फिल्टर शोधून काही हाती लागणार नाही. आधी त्यांचा होज कुठे सोडलाय ते विचारा.

बादलीत धार कशी आली ते इथेच लिहा, आणि जोडपाइप किती लांब आहे आणि त्याचं तोंड मूळ होजपेक्षा बारीक आहे का तेही बघून सांगा.