कोऱ्या चेहऱ्याच्या आक्षेपाला उत्तर

तुमची प्रतिक्रिया चिडून लिहिलेली आहे, पण चित्रपट बघून लिहिलेली आहे. म्हणून सविस्तर उत्तर देतो. प्रयोगशील अमेरिकी चित्रपटकार माया डेरेनवरच्या माझ्या लेखावर तुमचे तीन आक्षेप: स्वतःच्या चित्रपटांत दिसणाऱ्या या बाईंना अभिनय येत नाही, चेहरा कोऱ्या पाटीसारखा; हे सगळं स्वतःच्या रूपावर भाळणं, आजच्या भाषेत सेल्फी; आणि श्रेय खरं तर कॅमेरा धरणाऱ्या नवऱ्याचं.

शेवटच्यापासून सुरू करतो, कारण तिथे चूक माझी. 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' (१९४३) हा तिचा आणि तिचा नवरा अलेक्झांडर हॅमिड याचा, दोघांचा चित्रपट. मी हॅमिडला अर्ध्या वाक्यात उरकलं, ते बरोबर नव्हतं. पण पुढचा 'अ‍ॅट लँड' (१९४४) मुख्यतः हेला हेमनने चित्रित केला, आणि तिथेही डेरेनचा ध्यास तोच आहे: माणूस एकच एक राहत नाही. रस्त्याने चालता चालता सोबतचा पुरुष बदलत जातो; शेवटी किनाऱ्यावर पळणाऱ्या डेरेनकडे आधीच्या दृश्यांतल्या डेरेन वळून बघतात.

आता कोरा चेहरा. हुंदका द्यायचा तर तो देणारं माणूस ठरलेलं हवं. 'मेशेस'मध्ये टेबलाभोवती तिघी बसतात, तिघीही तीच. एकेक जण किल्ली उचलते आणि तिसरीच्या हातात किल्लीची सुरी होते. ही सुरीवाली झोपलेल्या पहिलीकडे निघते तेव्हा फक्त पाय दिसतात: वाळू, गवत, फरसबंदी, मग घरातला गालिचा. चाल एकच, जमीन बदलत जाते. तिचा अभिनय मला या चालीत दिसतो, आणि त्यातला निम्मा संकलनाच्या टेबलावर झालेला आहे. तिथे भुवई उडवली असती तर सगळं फुकट गेलं असतं.

सेल्फीचं म्हणाल, तर स्वतःवर भाळलेली बाई आपली जागा दुसरीला देईल का? 'रिच्युअल इन ट्रान्सफिगर्ड टाइम'मध्ये (१९४६) ती आणि कृष्णवर्णीय नर्तिका रिटा क्रिस्तियानी एकमेकींच्या जागी येतात, आणि शेवटी निगेटिव्हमुळे विधवेचा काळा वेश नवरीचा पांढरा होतो. एवढी साधी युक्ती, पण मला दर वेळी शहारा येतो.

तिच्या नावाचंही असंच. १९१७ साली कीव्हमध्ये जन्मलेली एलियानोरा डेरेनकोव्स्काया. १९२२ मध्ये कुटुंब अमेरिकेत आलं, आडनाव छाटून डेरेन झालं. 'मेशेस'च्याच वर्षी तिने 'माया' हे नाव घेतलं. त्याचा अर्थ आपल्याला कुणी सांगायला नको. (हॅमिडही मूळचा हाकेनश्मीड, प्रागहून आलेला.)

राहिलं संगीत. ते तुम्हाला भयपटासारखं वाटलं, पण 'मेशेस' मुळात मूक होता. तेइजी इतोचं संगीत १९५९ मध्ये जोडलं गेलं. आवाज बंद करून एकदा बघा. चौदा मिनिटांचा तर आहे. त्यानंतरही चेहरा कोराच वाटला, तर पुन्हा भांडू.