चालत्या प्रिंटरला कुलूप लावायचा हक्क यांना दिला कोणी?

डोकं फिरलंय आज. प्रिंटर धडधाकट, टाकीत शाई अर्ध्याच्या वर, काल रात्रीपर्यंत प्रिंट एकदम कडक येत होती, आणि सकाळी चालू केला तर दोन लाल लाइट आलटून पालटून लुकलुकतायत आणि कॉम्प्युटरवर मेसेज की आतल्या पार्टचं आयुष्य संपलं, सर्व्हिस सेंटर गाठा. कुठला पार्ट? तर शाई शोषणारा स्पंज!

हेड क्लीनिंग, म्हणजे शाई सोडणाऱ्या हेडची सफाई, केली की शाई नळीतून खाली त्या स्पंजच्या पॅडमध्ये जाते. पॅड भरून वाहिलं तर शाई टेबलावर गळणार, म्हणजे ते बदलायला पाहिजे हे मान्यच आहे. पण माझ्या मॉडेलमध्ये पॅड खरंच किती भरलंय हे बघायला सेन्सरच नाही हो! प्रत्येक क्लीनिंगला नुसता अंदाजाने आकडा वाढवायचा, तो चिपमध्ये लिहून ठेवायचा आणि हद्द आली की सगळं बंद. आपण काही केलं नाही तरी मेन स्विच बंद करून परत लावला की हा स्वतःहून क्लीनिंग करत बसतो, आणि आपल्याकडे रात्री स्विच बंद करायची सवय घराघरात. बरं, प्रिंट नाही तर नाही, पण स्कॅनसुद्धा करू देत नाही. स्कॅनला शाईचा एक थेंब तरी लागतो का? पोरीच्या अ‍ॅडमिशनचे कागद उद्या द्यायचेत आणि घरात चांगलं मशीन असताना मी खाली झेरॉक्सवाल्याच्या रांगेत.

पॅड काढून धुतलं, सुकवलं, नवीन घातलं, काहीही करा, आकडा तिथंच राहतो. तो शून्यावर आणायचं सॉफ्टवेअर कंपनी आपल्याला देत नाही. मग नेटवरून कुठलं तरी उचलायचं, वर सांगतात आधी अँटिव्हायरस बंद करा, आणि रीसेटची की, म्हणजे कोड, विकत घ्या. ज्या कॉम्प्युटरवर बँकेचे व्यवहार करतो त्याच्यावर हे टाकू? सर्व्हिस सेंटरवाला म्हणतो कांदिवलीहून अंधेरीला घेऊन या, तपासायचे पैसे वेगळे, पॅडचे वेगळे, आणि लगेच पुढे, "त्यापेक्षा सर, नवीनच घ्या ना." सकाळच्या लोकलमध्ये हे धूड घेऊन चढून दाखव म्हणावं एकदा!

फ्रान्समध्ये २०१५ पासून वस्तू मुद्दाम लवकर निकामी होईल अशी बनवणं गुन्हा आहे, दोन वर्षांपर्यंत तुरुंगवास आहे. आपल्याकडे डिसेंबर २०२२ मध्ये सरकारचं राइट टू रिपेअरचं, म्हणजे दुरुस्तीच्या हक्काचं, पोर्टल आलं, पण स्पंज बदलल्यावर आकडा पुसायची परवानगी अजून मालकाला नाही.

मागणी काय मोठी आहे? पॅड सुटं विका आणि मेनूत एक रीसेट द्या. काही नवीन मॉडेलमध्ये वेस्ट शाईचा डबा घरीच काढून दुसरा लावता येतो, म्हणजे जमतं यांना. मग ज्यांनी आधी पैसे मोजलेत त्यांनी काय घोडं मारलंय?