समुद्र नाही, पण नौदल आहे!
लेख आवडला, पण "चारी बाजूंनी जमीन असलेल्या देशांना नौदल नसते" हे वाक्य काही पटलं नाही. दक्षिण अमेरिकेतल्या बोलिव्हियाला आहे की! तिथले नौसैनिक ३८०० मीटर उंचीवरच्या टिटिकाका सरोवरात आणि नद्यांवर गस्त घालतात.

मुळात या देशाला किनारा होता. १८७८ मध्ये त्यांनी त्या किनाऱ्यावरच्या अँटोफगास्ता शहरातल्या नायट्रेट कंपनीवर क्विंटलमागे १० सेंटावोचा कर लावला (सेंटावो म्हणजे तिथला पैसा, आणि तिथला क्विंटल साधारण ४६ किलोचा). चिलीच्या भांडवलावर चालणारी कंपनी तो भरेना, आणि १८७९ च्या फेब्रुवारीत चिलीने शहरच ताब्यात घेतलं. दहा सेंटावोंपायी अख्खा किनारा गेला म्हणायचा! खरं भांडण अर्थातच खत आणि स्फोटकांना लागणाऱ्या त्या नायट्रेटचं.

२३ मार्चला चिलीविरुद्धच्या कलामाच्या लढाईत बोलिव्हियाचा वीर एदुआर्दो आबारोआ पडला. शरण ये म्हटल्यावर "तुझ्या आजीला सांग शरण यायला" असं तो गरजला म्हणतात. तो दिवस बोलिव्हियात आजही 'समुद्र दिन' म्हणून पाळतात. चिलीशी झालेल्या १९०४ च्या तहात किनारा कायमचा हातातून गेला. समुद्राच्या वाटेसाठी बोलिव्हियाने केलेल्या दाव्यात हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयानेही २०१८ मध्ये निकाल चिलीच्याच बाजूने दिला.

दुरुस्ती कराल तेव्हा पॅराग्वेचंही नाव घाला, त्यांचंही नौदल नदीवरच आहे.