लॉर्ड हॅरिस ‘भारतीय क्रिकेटचे जनक’ नव्हेत

मुंबईच्या शालेय क्रिकेटमधल्या हॅरिस शील्ड स्पर्धेत कुण्या शाळकरी पोराने त्रिशतक ठोकले आणि पेपरात त्याचा फोटो झळकला की पाठोपाठ एक मजकूर मोबाइलवर फिरू लागतो. शब्द थोडेफार बदलतात, गाभा तोच असतो: ‘इंग्लंडचे महान क्रिकेटपटू लॉर्ड हॅरिस १८९० साली मुंबईचे गव्हर्नर म्हणून आले आणि त्यांनी भारतीयांना क्रिकेट शिकवले. पारशी, हिंदू, मुसलमान सगळ्यांना त्यांनी स्वतःहून मैदाने दिली, जात-धर्म विसरायला लावून खेळाने सर्वांना एकत्र आणले आणि पुढे भारताला कसोटीचा दर्जा मिळवून दिला. म्हणून ते भारतीय क्रिकेटचे जनक.’

१८९० ते १८९५ या काळात ते मुंबई इलाख्याचे गव्हर्नर होते, एवढे खरे. पुढचे प्रत्येक वाक्य तपासायला हवे. या एका मजकुराने आपल्याच मैदानांवर घाम गाळलेल्या दोन पिढ्या पुसल्या जातात, आणि ते मला सहन होत नाही.

आधी ‘महान क्रिकेटपटू’ हे बिरुद. जॉर्ज रॉबर्ट कॅनिंग हॅरिस यांचा जन्म १८५१ चा, त्रिनिदादचा. वडील तिथे गव्हर्नर होते. शिक्षण ईटन आणि ऑक्सफर्डला. १८७२ साली वडिलांमागून उमरावकी आली. केंट काउंटीकडून (काउंटी म्हणजे इंग्लंडमधला जिल्हा, तिथले संघ जिल्हावार) ते १८७० पासून खेळले आणि सत्तरच्या दशकाच्या मध्यापासून १८८९ पर्यंत केंटचे कर्णधार राहिले. प्रथम श्रेणीत ९,९९० धावा, ११ शतके, सर्वोच्च १७६. त्या काळच्या खडबडीत खेळपट्ट्या पाहता ही कामगिरी चांगलीच म्हणावी लागेल. पण कसोटी सामने त्यांच्या वाट्याला आले चार, चारही कर्णधार म्हणून. त्यांत धावा १४५ आणि अर्धशतक एक. त्या काळचा सर्वांत नामवंत इंग्लिश फलंदाज डब्ल्यू. जी. ग्रेस, त्याच्या पंगतीत बसवावा असा हा फलंदाज नव्हता.

इंग्लंडच्या काउंटी क्रिकेटमध्ये तेव्हा खेळाडूंचे दोन वर्ग होते. खेळाचे पैसे घेणारे ते व्यावसायिक. न घेणारे, म्हणजे घरचे बरे असलेले, ते हौशी. कर्णधार हौशांतूनच निवडायचा, असा शिरस्ता होता. खाणकामगाराच्या किंवा माळ्याच्या घरातला व्यावसायिक दिवसभर गोलंदाजी टाकायचा आणि क्षेत्ररचना ठरवायचा कुणी ऑक्सफर्डचा पदवीधर. हॅरिस या व्यवस्थेतून वर आले, पण त्यांनी कर्णधारपद नुसते मिरवले नाही, हेही सांगायला हवे. विस्कळीत झालेली केंट काउंटी त्यांनी उभी केली. १८७९ साली सिडनीत ऑस्ट्रेलियन फलंदाज मर्डॉकला धावचीत दिल्यावरून प्रेक्षक मैदानात घुसले, तेव्हा हॅरिस आपल्या पंचापाशी ठाम उभे राहिले आणि त्यात त्यांना काठीचा तडाखाही बसला. गोलंदाजीच्या नावाखाली कोपर वाकवून चेंडू फेकणाऱ्यांविरुद्ध त्यांनी मोहीम उघडली. लँकशायर अशा गोलंदाजांना खेळवते म्हणून १८८५ मध्ये केंटने त्या काउंटीशी ठरलेला सामनाच सोडला. काउंटीच्या पात्रतेचे, म्हणजे जन्माने किंवा वास्तव्याने जी काउंटी आपली तिच्याचकडून खेळायचे, हे नियम तर त्यांनी इतके कडक धरले की, केंटमधल्या डोव्हरला जन्मलेला तरुण वॉल्टर हॅमंड ग्लॉस्टरशायरकडून खेळत असताना १९२२ साली हरकत घेतली गेली आणि त्या गुणी पोराला पात्रतेची मुदत भरेपर्यंत थांबावे लागले. इंग्लिश क्रिकेटचा कारभार पाहणाऱ्या एमसीसीचे, म्हणजे लंडनच्या मेरिलिबोन क्रिकेट क्लबचे, ते १८९५ मध्ये अध्यक्ष होते आणि १९१६ पासून मृत्यूपर्यंत खजिनदार. म्हणजे त्यांचे मोठेपण कर्णधाराचे आणि कारभाऱ्याचे. त्याला माझी ना नाही. ते मोठेपण इंग्लंडचे आहे, केंटचे आहे. ते ओढून आझाद मैदानावर आणू नये.

‘भारतीयांना क्रिकेट शिकवले’ हा दावा पडायला नुसते सनांचे गणित पुरते. पारशांचा ओरिएंटल क्रिकेट क्लब मुंबईत १८४८ साली निघाला. तेव्हा हॅरिस यांचा जन्मही झाला नव्हता. त्याआधी मुंबईच्या कोटाबाहेर, म्हणजे किल्ल्याच्या तटाबाहेर, गोरे शिपाई खेळायचे, ते पाहून पारशी पोरे हॅट उभी करून तिचा स्टंप करायची, छत्रीची बॅट आणि चिंध्या शिवून चेंडू, असा तो शिकण्याचा प्रकार. शापूरजी सोराबजी या पारशी गृहस्थाने हे सगळे लिहून ठेवले आहे. हिंदूंचा बॉम्बे युनियन क्लब १८६६ चा. १८७७ साली पारशी संघ बॉम्बे जिमखान्याच्या गोऱ्या संघाशी खेळला. १८८६ मध्ये पारशी स्वतःच्या पैशाने इंग्लंडला गेले. २८ सामन्यांत एक जिंकले. १८८८ मध्ये पुन्हा गेले आणि ३१ पैकी ८ जिंकले. त्या दौऱ्यात मेहल्लाशा पावरी या वेगवान गोलंदाजाने १७० बळी घेतले.

आणि जानेवारी १८९० मध्ये जी. एफ. व्हर्नन यांचा इंग्लिश संघ मुंबईत आला, तेव्हा पारशांनी त्याला चार गडी राखून हरवले. भारतातल्या त्या दौऱ्यात व्हर्ननच्या संघाने गमावलेला तो एकमेव सामना. हॅरिस मुंबईत उतरले ते त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये! ज्यांनी इंग्लिश संघाला हरवून दाखवले होते, त्यांना तीन महिन्यांनी येणाऱ्या माणसाने खेळ शिकवला असे म्हणणे हा पावरीचा आणि त्याच्या सवंगड्यांचा अपमान आहे.

आता मैदानांचा दावा. याच्यात अर्धसत्य आहे, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

बॉम्बे जिमखाना १८७५ सालचा, फक्त गोऱ्यांसाठी. त्याच्या स्वतःच्या राखीव हिरवळीवर देशी माणसाला मज्जाव होता. उरलेल्या परेड मैदानावर पारशी आणि हिंदू पोरांचे डझनावारी क्लब एकमेकांना चिकटून खेळायचे. जिमखान्यातल्या मूठभर साहेबांना पोलोचा शौक. तो त्यांनी आपल्या हिरवळीवर न भागवता या सार्वजनिक मैदानावर भागवला. घोड्यांच्या टापांनी मैदानाची चाळण झाली. त्यावर चेंडू कुठून कसा उसळेल याचा नेम राहिला नाही. १८८१ साली पारशी आणि हिंदू खेळाडूंनी मिळून ४६० सह्यांचा अर्ज सरकारकडे केला. मागणी एवढीच, की पोलो दुसरीकडे न्या. शापूरजी सोराबजी हे या लढ्यातले खंदे कार्यकर्ते. जेम्स फर्ग्युसन यांच्या, म्हणजे पुण्यातले कॉलेज ज्यांच्या नावाचे आहे त्या गव्हर्नरांच्या काळात पोलो हटला आणि पुन्हा परतला. अशी जवळपास दहा वर्षे गेली.

मग १८९० मध्ये गव्हर्नर म्हणून साक्षात केंटचा माजी कर्णधार आला. मैदानावरच्या पोरांना काय आशा वाटली असेल! खेळपट्टीची किंमत या माणसाला समजावून सांगायची गरज नव्हती. हजारांहून अधिक सह्यांचा अर्ज त्याच्यापुढे गेला. हॅरिस यांनी तो फेटाळला. केंटमध्ये एका गोलंदाजाचा हात कोपरात वाकतो म्हणून सामना सोडणाऱ्या माणसाला मुंबईत शेकडो मुलांच्या मैदानावरून फिरणारे घोडे गैर वाटले नाहीत. त्यांच्या पूर्ण कारकिर्दीतली मला सर्वांत खटकणारी गोष्ट हीच. नियमाची चाड त्यांना होती, यात शंका नाही. ती चाड इथल्या माणसांपर्यंत पोहोचली नाही.

त्यानंतर समुद्र हटवून केलेल्या केनेडी सी फेसवरच्या जागा आल्या. मरीन लाइन्सहून चौपाटीकडे जाताना आज जे जिमखाने ओळीने दिसतात, त्या त्या जागा. पारशी जिमखाना १८८५ मध्ये स्थापन झाला आणि त्याला इथे जागा मिळाली १८८७ मध्ये, लॉर्ड रे गव्हर्नर असताना. तेव्हा पारशांना मैदान हॅरिस यांनी दिले हे साफ खोटे. इस्लाम जिमखान्याला १८९२ मध्ये त्यांनी जागा दिली. परमानंददास जीवनदास हिंदू जिमखान्यालाही त्यांच्याच काळात जागा मिळाली आणि ५ मे १८९४ रोजी उद्घाटनही त्यांच्याच हस्ते झाले. हे खरे आणि त्याची नोंद राहायलाच हवी. पण ‘स्वतःहून’ हा शब्द त्यात बसत नाही. मुसलमानांच्या अर्जावर त्यांनी जो शेरा मारला तो उपलब्ध आहे. त्याचा आशय असा, की यांना नकार कसा द्यावा हे कळत नाही. मात्र प्रत्येक समाजाचा एकेक प्रतिष्ठित जिमखाना झाला, की पुढे एकही जागा देणार नाही. जो कोणी येईल त्याला आपापल्या समाजाच्या जिमखान्यात जा म्हणून सांगावे. पारशांना दिले मग मुसलमानांना नाही कसे म्हणायचे, अशा पेचात सापडलेल्या सरकारचा हा निर्णय होता.

हाच शेरा ‘सर्वांना एकत्र आणले’ या वाक्यालाही उत्तर देतो. धर्मवार क्लब आधीपासून होते, त्याचा दोष हॅरिस यांच्या माथी मारता येणार नाही. पण सरकारी जमीन धर्मवार वाटली गेली आणि त्या विभागणीवर सरकारचा शिक्का बसला. पोलोच्या अर्जावर पारशी आणि हिंदूंनी खांद्याला खांदा लावून सह्या केल्या होत्या. तीच माणसे आता वेगवेगळ्या कुंपणांआड गेली. १८९२ पासून गोरे विरुद्ध पारशी असे प्रेसिडेन्सी सामने रीतसर सुरू झाले, त्याला गव्हर्नरांचे उत्तेजन होते. त्यातून क्रिकेटचा दर्जा वाढला, हे मी मान्य करतो. १९०७ मध्ये हिंदू आले, १९१२ मध्ये मुसलमान, १९३७ मध्ये उरलेल्या समाजांचा संघ ‘द रेस्ट’ आणि सामने पंचरंगी झाले. लोकांनी ते डोक्यावर घेतले आणि त्यांनी मोठे खेळाडूही दिले. पण धर्मावर उभ्या या स्पर्धेला गांधीजींनी १९४० मध्ये विरोध केला आणि १९४६ मध्ये ती बंद पडली.

एकत्र आणण्याचाच विषय निघाला आहे तर १८९३ सालही आठवावे. ऑगस्टमध्ये मुंबईत हिंदू-मुसलमानांचा भीषण दंगा उसळला, सत्तरहून जास्त माणसे मारली गेली. गव्हर्नर तेव्हा पुण्याला गणेशखिंडीत होते, आता जिथे सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठ आहे तिथे. ते मुंबईत परतले ते नवव्या दिवशी, आणि तेही मुख्यतः एका क्रिकेट सामन्यासाठी, असा ठपका त्यांच्यावर कायमचा बसला. ज्या शहरात प्रेते पडत होती तिथला प्रमुख कारभारी आठ दिवस येत नाही, त्याला समाज जोडणारा म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

त्याच वर्षांत, त्याच पुण्यात, पूना क्लबच्या नेटमध्ये चांभार समाजातला एक पोरगा खेळपट्टी लोळवत होता आणि साहेबांना गोलंदाजी टाकत होता. पळवणकर बाळू. फलंदाजी करायची संधी त्याला तिथे मिळायची नाही. पुढे हिंदूंच्या संघात घेतले तेव्हा चहा बाहेर, वेगळ्या मातीच्या भांड्यात. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात याच बाळूंनी शंभराच्या वर बळी घेतले. गंमत म्हणजे त्याच दौऱ्यातल्या भारतीय संघाविरुद्ध साठाव्या वर्षी हॅरिस आपला शेवटचा प्रथम श्रेणी सामना केंटकडून खेळले. त्या भारतीय संघाचे कर्णधार होते पतियाळाचे महाराज. जन्माने मोठा तो कर्णधार, हा हौशी कर्णधाराचा रिवाज आपल्याकडे असा मुरला. बाळूंना चौरंगी स्पर्धेत हिंदूंचे कर्णधारपद कधीच मिळाले नाही. ते १९२३ मध्ये त्यांचे धाकटे भाऊ विठ्ठल यांना मिळाले. जात-धर्म विसरायला लावले असेल, तर ते बाळूंच्या डावखुऱ्या फिरकीने.

हॅरिस यांनी आपल्या आठवणींत असेही मत मांडले आहे, की चिकाटीच्या बाबतीत हिंदी माणूस इंग्रजाची बरोबरी कधी करू शकणार नाही. ते पुण्यात नांदत होते तेव्हा, जानेवारी १८९२ मध्ये, तिथे दिनकर बळवंत देवधर जन्मले. त्यांनी १९२६ मध्ये एमसीसीविरुद्ध १४८ धावा केल्या आणि पन्नाशीला टेकले असताना रणजी सामन्यात मुंबईविरुद्ध २४६. विजय हजारे यांनी १९४३ च्या पंचरंगी सामन्यात संघाच्या ३८७ पैकी ३०९ धावा एकट्याने काढल्या. ज्या माणसाला हे होणे अशक्य वाटत होते, त्याला या परंपरेचा जनक म्हणता येत नाही.

राहिला कसोटीचा दर्जा. १९२६ मध्ये लंडनला इंपीरियल क्रिकेट कॉन्फरन्सने, म्हणजे आजच्या आयसीसीच्या पूर्वरूपाने, भारताला आत घेतले, तेव्हा हॅरिस एमसीसीचे खजिनदार होते आणि त्यांचा शब्द वजनदार होता. पण दारे उघडली ती भारताबरोबर वेस्ट इंडीज आणि न्यूझीलंडसाठीही. आणि आपल्याकडे तेव्हा अखिल भारतीय क्रिकेट मंडळच नव्हते. त्याच वर्षी आर्थर गिलिगन एमसीसीचा संघ घेऊन आले. तेही हौशी, तेही काउंटीचे कर्णधार, ससेक्सचे. बॉम्बे जिमखान्यावर सी. के. नायडूंनी त्यांच्या संघाची गोलंदाजी फोडून १५३ धावा केल्या. मंडळ काढा, तुम्ही कसोटीच्या तोडीचे आहात, हे गिलिगन यांनी इथल्या लोकांना सांगितले आणि डिसेंबर १९२८ मध्ये मंडळ स्थापन झाले. इंग्लिश हौशी कर्णधाराचे आभार मानायचेच असतील, तर मी या गिलिगनचे मानेन.

भारत पहिली कसोटी खेळला २५ जून १९३२ रोजी, लॉर्ड्सवर. हॅरिस त्याआधी तीन महिने, मार्चमध्ये वारले होते. दौऱ्याचे कर्णधार म्हणून पोरबंदरचे महाराज नेमले गेले होते. कसोटीच्या दिवशी मात्र त्यांनी स्वतः बाजूला होऊन जागा मोकळी केली, आणि नाणेफेकीला गेले नायडू.