दोमिएचा तुरुंग आणि ब्रेतेशेचा सोफा

सप्रेम नमस्कार,

फ्रेंच व्यंगचित्रकार क्लेर ब्रेतेशे हिच्या चित्रकथांवरच्या माझ्या लेखावर तुम्ही लिहिलंत, 'सोफ्यावर लोळत बोलणारी खात्यापित्या घरची माणसं काढणं हा कसला उपहास? राजाचं चित्र काढून तुरुंगात गेला तो दोमिए. या बाईंनी काय पणाला लावलं? आणि सगळ्या चौकटी सारख्याच!'

दोमिए या एकोणिसाव्या शतकातल्या फ्रेंच व्यंगचित्रकाराबद्दल आपलं दुमत नाही. फ्रान्सचा राजा लुई-फिलिप याला त्याने जनतेचा पैसा गिळणारा राक्षस करून दाखवलं आणि १८३२ साली कैद भोगली. पण १८३५च्या कायद्याने राजकीय व्यंगचित्रांचा गळा आवळल्यावर तोच दोमिए वकील, घरमालक, नवराबायको यांच्याकडे वळला. ते काम आपण हलकं मानत नाही. त्यातली १८४४ची लेखिकांवरची मालिका मला मात्र सलते. एका चित्रात आई लिहिण्यात गर्क आहे आणि मूल टबातल्या पाण्यात पडलंय. कागदावर वाकलेल्या त्या बाईचं म्हणणं काय, हे तिथे कोणी विचारत नाही. ब्रेतेशेने चित्रं काढली ती त्या बाईच्या जागी बसून. म्हणून मला ती जवळची.

आता पणाला काय लावलं ते. नान्तमध्ये १९४०ला जन्मलेली ही मुलगी 'अॅस्टेरिक्स'चा लेखक गोसिनी याच्या कथेला चित्रं काढत १९६३मध्ये या धंद्यात आली. तेव्हा तिथे जवळजवळ सगळे पुरुषच. 'पिलोत' या चित्रकथांच्या साप्ताहिकात नाव झाल्यावर १९७२ला गोतलिब आणि मांद्रिका या चित्रकारांबरोबर तिने 'लेको दे सावान' हे स्वतःचं नियतकालिक काढलं. पुढच्या वर्षापासून 'नूव्हेल ऑब्झर्वातर' या डाव्या विचारांच्या साप्ताहिकात 'ले फ्रुस्त्रे', म्हणजे वैफल्यग्रस्त, सुरू झालं. त्यात सोफ्यावर बसून क्रांती, स्त्रीमुक्ती, मुलांचं संगोपन यांवर तावातावाने बोलणारी माणसं म्हणजे त्याच साप्ताहिकाचे वर्गणीदार. राजाला चिडवलं की वाचक तुमच्या पाठीशी उभा राहतो. वाचकालाच आरसा दाखवला तर पाठीशी कोण? तरीही तिने आठ वर्षं ते पान चालवलं. १९७५पासून अल्बम, म्हणजे चित्रकथांची पुस्तकंही, स्वतःच छापले, नफातोटा स्वतःच्या अंगावर घेऊन. सोळाव्या शतकातल्या स्पॅनिश संत, अविलाच्या तेरेसावर मालिका काढली तेव्हा कॅथलिक वाचक खवळले.

चौकटी सारख्या दिसतात, खरंय. पण एकदा फक्त खांदे बघत जा. संवाद झाकून. पहिल्या चौकटीत ताठ बसलेली बाई शेवटापर्यंत कशी खचत, सोफ्यात रुतत जाते ते दोन-तीन रेघांत येतं. शब्द मात्र अजून आवेशातच असतात. फ्रेंच विचारवंत रोलां बार्थने १९७६मध्ये तिला वर्षातली सर्वोत्तम समाजशास्त्रज्ञ म्हटलं, ते मला या खांद्यांमुळे पटतं.

तुमचा एक मुद्दा मान्य. तिचं जग अरुंद आहे, कामगार त्यात क्वचितच दिसतो. माझ्या लेखात हे यायला हवं होतं. आज भर घालते.