परभणीचा कालनियम आणि तो पाळायची रीत

पत्रिकेवर मुहूर्त 12 वाजून 27 मिनिटांचा आहे म्हणून तुम्ही सव्वाबाराला मांडवात पोचलात, तर चूक तुमची आहे. तिथं तुम्हाला भेटणार कोण? खुर्च्या उतरवणारं पोरगं, 'हॅलो, हॅलो, माईक टेस्टिंग' करणारा साउंडवाला आणि सावली धरून झोपलेलं एक कुत्रं. परण्या, म्हणजे नवरदेवाची मिरवणूक, अजून मारुतीच्या पारापाशी आहे, आणि नवरदेवाचे मित्र घोड्यालाही नाचवल्याशिवाय हलणार नाहीत. अशी फजिती पुन्हा होऊ नये म्हणून सांगतो, नीट ऐका. घाई नाही.

'जगात जर्मनी, भारतात परभणी' असं आपण उगाच म्हणत नाही. रुडॉल्फ क्लॉसियस या जर्मन माणसानं 1865 मध्ये 'एन्ट्रॉपी' हा शब्द घडवला आणि सांगून टाकलं, की विश्वाची एन्ट्रॉपी वाढतच जाते. एन्ट्रॉपी म्हणजे, ढोबळमानानं, पसारा. जर्मनीनं आपला वाटा उचलला. परभणीचा वाटा राहिला होता, तो मी आता उचलतोय. दीडशेच्या वर वर्षं गेली मध्ये, पण ती नियमाला धरूनच गेली.

तर नियम असा: कोणत्याही कामाला सांगितलेला वेळ आणि लागलेला वेळ यांतलं अंतर कधीच आपोआप घटत नाही, आणि त्या अंतरात जो पसारा होतो, तो वाट बघणाऱ्याच्या घरी होतो.

आधी मोजमाप शिकून घ्या. मूळ एकक 'पाच मिंट'. फोनवर 'निघालोच' ऐकू आलं, तर आंघोळीचं पाणी तापू लालंय असं समजा. 'आलोच' म्हणजे गाडीची किल्ली सापडेना. 'नाक्यावरच हाय की राव' म्हणजे आत्ता कुठं घराला कुलूप लागू लालंय. मागून मिक्सरचा आवाज येत असला तरी 'नाक्यावर मिक्सर कुणाचा?' असं विचारू नये. उद्या तुम्हालाही नाक्यावर असायचंय.

तरी मनाला खात असेल, तर भूगोल पुढं करा. देशाची घड्याळं 82.5 अंश पूर्व रेखांशावर लावलेली, म्हणजे तिकडं मिर्झापूरकडं. परभणी 77 अंशांच्याही जरा अलीकडं. एका अंशाला 4 मिनिटं धरली, तर आपला सूर्यच घड्याळाच्या सुमारे 23 मिनिटं मागून चालतो. सूर्यनारायणाच्या आधी पोचणारे आपण कोण? छत्रपती संभाजीनगरात तर हा उशीर जवळजवळ अर्ध्या तासाचा. विभागाचं मुख्यालय तिथं ठेवणाऱ्याला विज्ञान कळत होतं.

एक दाखला मात्र वापरू नका. 'स्वातंत्र्यसुद्धा मराठवाड्यात 13 महिने उशिरा, 17 सप्टेंबर 1948 ला आलं' असं कुणी हसत सांगेल. त्याला तिथंच थांबवा. आपली माणसं वेळेवर होती. उशीर निजामानं केला.

आता कचेरी. उष्णता थंडाकडून गरमाकडं आपणहून जात नाही, हेही क्लॉसियसचंच. न्यायचीच असेल तर बाहेरून जोर लावावा लागतो. म्हणून फ्रिजला कॉम्प्रेसर असतो. फाईलचं तसंच. खालच्या टेबलावरून वरच्या टेबलावर ती आपणहून चढत नाही. तिच्या कॉम्प्रेसरला आपल्याकडं 'वजन' म्हणतात. आणि फ्रिज आतून गार राहतो तो कशाच्या जिवावर, हे बघायचं असेल तर त्याच्या मागं हात लावा. साहेबांच्या केबिनमध्ये गारवा, नि मागची ती गरम जाळी म्हणजे व्हरांड्यातले आपण.

फाईल हरवली म्हणून कारकुनावर चिडू तर मुळीच नका. व्हिएन्नात बोल्ट्झमन या शास्त्रज्ञाच्या थडग्यावर एक सूत्र कोरलंय: एस = के लॉग डब्ल्यू. यातला एस म्हणजे तीच एन्ट्रॉपी, के हा एक ठरलेला आकडा, आणि डब्ल्यू म्हणजे एखादी स्थिती किती प्रकारांनी घडू शकते, तो आकडा. फाईल जागेवर असण्याचा प्रकार एकच. जागेवर नसण्याचे? दुसऱ्या गावाच्या रुमालात बांधलेली, कपाटाच्या मागं पडलेली, साहेबांच्या गाडीत राहिलेली, झेरॉक्सवाल्याकडं विसरलेली, चहाच्या कपाखाली गोल डाग झेलत बसलेली. गणितच फाईलच्या विरोधात आहे, कारकून बिचारा काय करणार? त्यानं 'उद्या या' म्हटलं की मान हलवा. कोणत्या उद्या, ते विचारू नका.

मी हे पुस्तकात वाचून सांगत नाही. वडील गेल्यावर दोन एकराचा फेरफार करायला मी तालुक्याच्या एका कचेरीत अर्ज दिला. पहिल्या पावसाळ्यात 'पुढच्या सोमवारी' ठरलं. दुसऱ्या पावसाळ्यापर्यंत माझ्या घरात झेरॉक्सच्या तीन पिशव्या साठल्या होत्या, आणि बायको त्यातल्या कोऱ्या पाठींवर किराण्याची यादी करू लागली होती. शेवटी एका दुपारी लाईट गेली, पंखा थांबला, आणि कारकून खुर्ची मागं सारून उठला. खुर्चीचा एक पाय आखूड होता. त्याच्याखाली चार घड्या घातलेला कागद, त्यावर वडिलांचं नाव.

मी वाकून तो काढून घेतला. कारकून परत येऊन बसला तशी खुर्ची डुगडुगली. त्यानं माझ्याकडं बघितलं, हसला, टेबलावरच्या गठ्ठ्यातला वरचा कागद उचलला, बघून बघून चार घड्या घातल्या आणि पायाखाली सारला.

"बसा की," तो म्हणाला, "पाचच मिंट."